नवऱ्याचं काय करायचं?

दर रविवारी दुपारी हेमांगी कारखानीस मोबाइलसमोर बसून लाइव्ह कार्यक्रमात संसार आणि शेज यांवर काळे विनोद करायची. कार्यक्रम फक्त प्रौढांसाठी होता. त्या दिवशी तिने प्रेक्षकांना विचारलं, "बाहेरख्याली नवऱ्याचं काय करायचं? माफ करायचं, सोडायचं की विष द्यायचं?" अर्ध्याहून जास्त लोकांनी विष निवडलं. हेमांगी पोट धरून हसली.

थोड्या वेळाने लोणंदच्या एका बाईची कमेंट आली. "ताई, चहातून दिलं. ते उलट्या करतायत. आता किती वेळ लागेल?"

त्याखाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग लागली. हेमांगीला मात्र हसता येईना. ही बाई वर्षभर न चुकता कार्यक्रम बघत होती आणि तिने आजवर एकही विनोद केला नव्हता.

"ताई, पत्ता सांगा. मी गंमत करत होते हो," हेमांगी रडकुंडीला येऊन म्हणाली. "लवकर सांगा."

"काय अभिनय करते ही," कोणीतरी लिहिलं. बघणारे वाढतच गेले.

अखेर बाईने पत्ता लिहिला. हेमांगीने फोन करून अँब्युलन्स पाठवली आणि नवरा वाचला.

दुसऱ्या दिवशी जबाब द्यायला हेमांगी पोलीस ठाण्यात गेली. बाकावर बसलेली लोणंदची ती बाई तिला ओळखून उठली. ती शिव्या देईल, निदान रडेल, असं हेमांगीला वाटलं.

बाईने हळूच विचारलं, "ताई, माझं काय चुकलं? सगळे तर हो म्हणत होते."