लग्न झालं असं समजून

"लग्न चौदाला झालं. आज सोळा. आता कसला पॅरोल?" सरकारी वकील पटनाईक इंग्रजीत म्हणाले. "मिलॉर्ड, याचिका निष्फळ झाली आहे."

मुलीच्या लग्नासाठी चार दिवस तुरुंगाबाहेर सोडा, एवढंच बंसीधर नायकने मागितलं होतं. पोलीस ठाण्याचा अहवाल येईना, म्हणून सुनावणी तीनदा पुढे गेली. न्यायमूर्तींनी बंसीधरच्या वकिलांकडे पाहिलं. मोहंतींनी मान खाली घातली.

न्यायमूर्ती इंग्रजीत आदेश सांगू लागले. लघुलेखिकेची बोटं चालू लागली. मागच्या बाकावर भद्रकहून पहाटेच्या बसने आलेली झुनू बसली होती, बंसीधरची मुलगी. तिला बाबांचं नाव तेवढं कळलं.

"काय म्हणतायत?" तिने शेजारच्या कारकुनाला विचारलं.

"तुझं लग्न उरकलं ना, म्हणून केस बंद."

झुनू उठली. शिपाई आडवा आला. त्याच्या हाताखालून ती पुढे सरकली.

"लग्न झालेलं नाही!"

मोहंती गर्रकन वळले. दोन दिवसांत त्यांनी तिला एक फोनही केला नव्हता.

"लग्नपत्रिका रेकॉर्डवर आहे, मिलॉर्ड," पटनाईक आता तिलाही कळेल अशा भाषेत म्हणाले. "पंगती उठल्या असतील. बापाला बाहेर काढायचं हे नाटक आहे."

"पंगती उठल्या. वरातही आली होती." झुनू म्हणाली. "मीच वेदीवर बसले नाही. माझा हात बाबांनी द्यायचा. काका म्हणाले, मी देतो. मी नाही म्हटलं." तिने डोक्यावरचा पदर मागे ओढला. "हा भांग बघा."

"सिंदूर काय, पुसताही येतो," पटनाईक म्हणाले.

"पुसायला नवरा मरावा लागतो, साहेब. अन् होणारा नवरा तर तिथे बसलाय."

मागच्या बाकावरून एक हडकुळा तरुण धडपडत उभा राहिला. कुणीतरी फिसकन हसलं. न्यायमूर्तींनी वर पाहिलं, तसं हसू जागीच विरलं.

"तुम्ही थांबायला तयार आहात?" त्यांनी त्याला विचारलं.

"मी आहे. घरचे नाहीत," दयानिधी म्हणाला. "आई म्हणते, या महिन्यात नाही झालं तर ही मुलगी विसर."

पटनाईक काहीतरी बोलायला गेले. न्यायमूर्तींनी हात वर केला. फाइल उघडून ते पुन्हा वाचत राहिले. झुनूने समोरचा कठडा दोन्ही हातांनी घट्ट धरला होता.

"आधीचं खोडा," ते अखेर लघुलेखिकेला म्हणाले. मग त्यांनी चष्मा काढला. "लग्नाची नवी तारीख कोणती, बाई?"

"तुम्ही द्याल ती, साहेब."