जुळलं का?

“काय दाखवायलाय गं तुझा मोबाईल?” नानांनी विचारलं.

अबोलीच्या हातातल्या मोबाईलवर पंचवीस दशांश एक तीन दिसत होतं. नानांच्या वहीत, जाड पेनानं, सोळा दशांश सात सहा. एरवी तिच्या तोंडून ‘जुळलं’ केव्हाच निघून गेलं असतं. आज तिनं दोन्ही आकडे पुन्हा एकदा वाचले.

नाना, म्हणजे तिचे सासरे अनंतराव, परभणीच्या कॉलेजात चौतीस वर्षं गणित शिकवून निवृत्त झालेले. दिवाळीनंतर त्यांना लकव्याचा झटका आला. हातपाय सावरले, पण बारीक अक्षर दिसेना. डॉक्टर म्हणाले, डोक्याला काम द्या. मग नानांनी रोज सकाळी एक गणित सोडवायचं ठरवलं. एखादी वक्र रेषा अक्षाभोवती फिरवली की कुंभाराच्या चाकावर मडकं उभं राहावं तसा एक आकार तयार होतो, त्याचं घनफळ काढायचं. उत्तर तपासायला इंटरनेटवरचा कॅल्क्युलेटर. त्यात आकडे भरायचं काम बी.ए. झालेल्या अबोलीचं. कुठल्या चौकटीत काय भरायचं ते नानांनीच शिकवलं होतं. त्यापलीकडे तिला त्यातलं ओ की ठो कळत नव्हतं.

पहिल्याच दिवशी उत्तर चुकलं. नाना तिच्या तोंडाकडे बघत होते, खालचा ओठ थरथरत होता. तिला ते बघवेना. “जुळलं, नाना,” ती म्हणाली. त्या दिवशी ते दोन भाकरी जेवले. झालं, खोट्याला चटक लागायला तेवढं पुरतं. पुढं कधी खरंच जुळायचं, कधी नाही. ती आकड्यांकडे नीट बघेनाशीसुद्धा झाली.

पण उद्यापासून झरी गावची अपेक्षा नानांकडे शिकायला येणार होती. बारावीची पोर, गणितात एकदा नापास झालेली. नाना तिला चुकीचं शिकवतील आणि त्याचं पाप आपल्या माथी बसेल, या विचारानं सकाळपासून अबोलीचं कामात लक्ष नव्हतं.

“नाही जुळलं, नाना,” ती म्हणाली आणि तिला रडूच फुटलं. “आधी पण लय वेळा जुळलं नव्हतं. मी खोटंच सांगत आले.”

नाना रागावले नाहीत. “ठाऊक आहे मला. मंगळवारी मी मुद्दाम उणे उत्तर सांगितलं. तरी तू म्हणालीस, जुळलं. उणे घनफळाचं मडकं कोणत्या बाजारात मिळतं गं? कितीही लहान मडकं घेतलं तरी शून्याच्या खाली जात नाही.”

“मग तुमी बोलला का नाहीत?”

“काय बोलू? तुझं कोणतं ‘जुळलं’ खरं आणि कोणतं माझ्या समाधानाचं, हेच कळेना. डोकं शाबूत आहे का गेलं, विचारायचं कुणाला?”

अबोलीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ज्या मायेची ती मनातल्या मनात शाबासकी घेत होती, तिनंच म्हाताऱ्याची झोप उडवली होती.

नानांनी वही पुढं ओढली. एकेका ओळीवरून बोट फिरवलं. तिसऱ्या ओळीवर बोट थांबलं. “वर्ग करायचाच राहिला की!” त्यांनी सगळं खोडलं आणि पुन्हा मांडलं. हात सावकाश चालला, पण अडला नाही.

“बघ आता. नीट बघ.”

तिनं एकेक आकडा ताडून पाहिला. मग पुन्हा एकदा पाहिला. “पंचवीस दशांश एक तीन. जुळलं, नाना.”

नानांनी वही मिटली.

“झरीला फोन लाव,” ते म्हणाले. “काल मी अपेक्षाच्या वडलांना, पोरीला पाठवू नका, म्हणून कळवलं होतं. म्हणावं, येऊ द्या.”