डायनासोरची चतुर्थी

सुरेखाला राहुरीत नोकरी लागली आणि तिनं तिथंच खोली घ्यायचं काढलं, तेव्हापासून तिसगावच्या त्या घरात सासू-सुनेचा अबोला होता. म्हणून सुरेखाच्या लेकीनं, आरतीनं, सिनेमातल्या डायनासोरचा पटावरचा खेळ मांडला आणि तिची आजी, बायडाबाई, "डायनासोर मी व्हनार" म्हणाली, तेव्हाच आरतीच्या बापाच्या, अंगदच्या मनात पाल चुकचुकली. आई आज त्याच्या बायकोवर सगळा राग काढणार!

बेटावरून पळत सुटायचं आणि हेलिकॉप्टर गाठायचं, एवढाच खेळ. बायडाबाईच्या डायनासोरनं आधी नात खाल्ली, मग पोटचा पोरगा खाल्ला. राहिली सुरेखाची सोंगटी, तीही कुंपणाच्या कोपऱ्यात अडकलेली. डायनासोर तिच्यासमोर आला, घटकाभर थांबला आणि सरळ मागं फिरला.

अंगदला वेगळाच संशय आला.

"आई, खा की तिला! का तुमचं दोघींचं आधीच ठरलंय?"

"आज चतुर्थी हाय. मानूस न्हाई खात मी."

"मंग मघाशी मला कसं खाल्लं?"

"तवा ध्यानात न्हवतं."

अंगद आईकडं टकमक बघत राहिला. सुरेखानं मात्र मान वर केली नाही. कितीतरी दिवसांनी ती सासूशी बोलली.

"आत्या, चतुर्थी काल झाली."

"ठावं हाय मला." बायडाबाईनं डायनासोर उचलून आपल्या पदराखाली घेतला. "जा तू. पर आयतवारी येत जा."