चिमूरची एजन्सी

“मले त्याचं तोंड पाहाचं नाई, बाई. त्याचं नावई माह्यासमोर काढू नका. अटी तेवढ्या सांगा.”

खुर्चीत बसायच्या आधीच लटारूनं हे सांगून टाकलं. सुगंधाबाई मध्यस्थ होत्या, चंद्रपूरच्या कोर्टात हयात गेलेल्या. त्या म्हणाल्या, “ठीक आहे, लटारूभाऊ. पण त्या बाजूचं एक सांगायचं होतं...”

“अटीच.”

बाईंनी चष्मा पुसला आणि मान डोलावली.

म्हणून सिंदेवाहीच्या त्या सभागृहात समोरासमोरच्या दोन खोल्या घेतल्या होत्या, मध्ये व्हरांडा. इकडे लटारू, तिकडे चिमूरच्या चंदनची बाजू. भांडण ट्रॅक्टरच्या एजन्सीचं. सिंदेवाही लटारूची, चिमूर चंदनचं, असं कंपनीनं वाटून दिलं होतं. पण चंदननं सिंदेवाहीच्या हद्दीत ट्रॅक्टर विकले आणि जुंपली. शेवटी कंपनीनं बजावलं की मध्यस्थापुढे मिटवा, नाहीतर लवाद बसेल आणि एजन्सी तिसऱ्यालाच जाईल.

एके काळी दोघं एका ताटात जेवायचे. कोणाच्या अंगणात नवा ट्रॅक्टर उतरला की नारळ लटारू फोडणार आणि पहिली चक्कर चंदन मारणार, हे ठरलेलं. मग चिमूरच्या घोडायात्रेत, भर गर्दीत, लटारू ओरडला, “तुह्या मयतीलेई येनार नाई मी!”

“नको येऊ,” चंदन म्हणाला.

झालं! असा शब्द चारचौघांत निघाला की इकडे अख्खं गाव तो पाळतं. तेव्हापासून लटारूपुढे चंदनचा विषय कोणी काढत नव्हतं. परवाच्या बाजारातही त्याला पाहून माणसं बोलता बोलता गप्प झाली. चंदननं फितवली असणार, असं त्यानं ताडलं.

बाई पहिली अट घेऊन गेल्या. सिंदेवाहीत पुन्हा पाय ठेवायचा नाही. लगेच परतल्या.

“मान्य आहे.”

लटारू चमकला. भांडल्याशिवाय मान्य? बैल विकला तरी त्याच्या गळ्यातल्या दाव्यासाठी घासाघीस करणारा तो माणूस!

“मंग चिमूरबी पायजे मले,” तो म्हणाला. नुसतं डिवचायला म्हणाला.

या वेळी बाईंना वेळ लागला. लटारूनं कान लावला. चंदनचं बोलणं म्हणजे भोंगा, धानाच्या चार बांध्या ओलांडून ऐकू जायचं. पण पलीकडून हूं की चूं नाही.

“चिमूरही घ्या म्हणतात,” बाई येऊन म्हणाल्या.

लटारू बसूनच राहिला. याच्यापायी कितीतरी रात्री डोळ्याला डोळा लागला नव्हता. आता पदरात पडलं, तर ना आनंद, ना काही. दाढ काढल्यावर बधिर गालाला बोट लावावं, तसं. मग त्याला शंका आली.

“बाई, कंपनी बंद तं नाई पडून राह्यली? त्याच्या दुकानाचं शटर हप्ताभर खाली हाये. नागपूरले गेला असन वशिला लावाले. काही कळलं असन त्याले.”

“कंपनी बंद पडत नाहीये.”

“मंग काऊन सोडून राह्यला सारं?”

“लटारूभाऊ, नाव काढायचं नाही, ही तुमचीच अट.”

तो ओशाळला. चहा आला, निवला. समोर कागद होता, दोन्ही तालुके त्याचे. आता चिमुरातही नारळ आपणच फोडायचा, असं त्याच्या मनात आलं. आणि मग पहिली चक्कर? इतकी वर्षं ट्रॅक्टर विकले, पण त्याला ट्रॅक्टर चालवता येत नव्हता. गरजच पडली नव्हती कधी.

त्यानं पेन खाली ठेवलं.

“बाई, चिमूर राहू द्या त्याचं. सिंदेवाहीतई इकाचं तं इक म्हना लेकाले. नाई, थांबा, मीच सांगतो.”

बाई झटकन उठल्या. “भाऊ, आधी माझं ऐकून घ्या...”

“अट गेली चुलीत!”

त्यानं लांब ढांगा टाकत व्हरांडा ओलांडला आणि दार ढकललं.

“चंद्या, ऊठ लेका! पुरे झालं आता!”

आत चंदनचा पोरगा प्रवीण एकटाच होता. तो अदबीनं उभा राहिला.

“बसा ना, काका,” म्हणाला आणि त्यानं डोक्याला गुंडाळलेला दुपट्टा काढला. डोकं नुकतंच भादरलेलं होतं.