वरून ओढला जाणारा दोर

नॉर्वेतल्या लोफोटेन बेटांवरच्या कड्यांचं मार्गदर्शक पुस्तक नव्याने काढायचं, तर प्रत्येक वाट पुन्हा चढून बघायची, हा गुद्रुनचा हट्ट होता. तिचा नवरा तोर्लाइफ मात्र दिसेल त्या वाटेपुढे ‘सोपी’ असं खरडून मोकळा व्हायचा, आणि वाचणारे मूर्ख हातपाय मोडून घ्यायचे.

आज तो आधी वर गेला होता. वाऱ्यात हाका ऐकू येत नाहीत, म्हणून तिच्या कमरेला बांधलेल्या दोराला वरून तीन झटके बसले की तिने चढायचं, ही त्यांची जुनी रीत. झटके बसले. ती निघाली. पण दोर तिला दम खाऊ देईना.

“अरे, सैल सोड की जरा! मी काय गळाला लागलेला मासा आहे?”

दोर आणखीच ताणला.

“कानात बर्फ भरलाय का तुझ्या?”

“कोणावर खेकसतेयस गं?” आवाज खालून आला. पायथ्याशी तोर्लाइफ उभा होता. “कॅमेरा खालीच राहिला, म्हणून दोर खडकाला बांधून मागच्या वाटेने उतरलो. तू चढलीस कशाला? मी झटके दिलेच नाहीत!”

गुद्रुनने दोन्ही हातांनी कपार आवळून धरली.

दोराने तिचे पाय खडकावरून सोडवले. हळूच, अगदी सांभाळून.