पिवळ्या घरातली कुत्री

लढाईत गाव सुटल्यापासून छावणीचं फाटक फक्त आजाऱ्यांसाठी उघडायचं, म्हणून धाकटीच्या किडनीच्या आजारावरही ताईचा डोळा होता. दर आठवड्याला धाकटी आईबरोबर दवाखान्याच्या गाडीतून शहरात जायची आणि परत आली की पोरांना वाटेवरच्या पिवळ्या घरातल्या कुत्रीच्या गोष्टी सांगायची. गाडी दिसली की शेपटी हलवते म्हणे! ताईच्या पोटात दुखायचं, पण त्या दुखण्यावर पास मिळत नव्हता. आज आई तापाने फणफणली आणि सोबतीला ताई निघाली. गाडीत चढताच तिने खिडकी पकडली. काचांना काळा रंग फासलेला होता. “कुत्री कुठंय गं?” धाकटीने मान खाली घातली. ताई वाटभर जळत राहिली. या अंधारात हिला एवढं सुचलं कसं? परतल्यावर पोरांनी घेरलं. “ताई, कुत्री दिसली?” “दिसली की! पिल्लं झालीत तिला.” “पांढरं माझं!” सगळ्यांआधी धाकटी ओरडली.