बोलमास

"माझा पाट कुठाय?" दरबारात पाऊल टाकताच वेणाईनं खणखणीत आवाजात विचारलं.

दोन चंद्रांच्या त्या राज्याची रीतच होती तशी. बोलमास लागला की राजानं खाली चटईवर बसायचं आणि रयतेनं पाटावर बसून त्याला तोंडावर वाट्टेल ते सुनवायचं. शिक्षा नाही. राजानं वेणाईच्या गावचा ओढा वाड्यातल्या कारंज्यांकडे वळवला आणि दरीतून पाणी आणताना तिची लेक कड्यावरून कोसळली. तेव्हापासून वेणाई या महिन्याची वाट पाहत होती.

आज मात्र राजा सिंहासनावरून हललाच नाही. शेजारी उभा दरबारचा ज्योतिषी गालात हसला. "आजीबाई, नव्या पंचांगातून महाराजांनी बोलमास काढून टाकलाय. या दिवसांना आता तिथीच नाही. त्यात जे होईल, ते झालंच नाही असं धरायचं."

वेणाईच्या अंगाची लाही लाही झाली. "चार शब्द ऐकायला नकोत म्हणून अख्खा महिना गिळलात? लाजा कशा वाटत नाहीत रे तुम्हाला?"

वेणाईनं वाकून पायातली वहाण काढली आणि नेम धरून भिरकावली. राजाचा मुकुट घरंगळत पायरीखाली गेला.

"लिहून घ्या हिचा गुन्हा!" राजा किंचाळला.

कारकुनानं लेखणी शाईत बुडवली, कागदावर टेकवली आणि तो थबकला.

"शास्त्रीबुवा, तिथी काय घालू?"

ज्योतिष्यानं मान खाली घातली. वेणाई दुसरी वहाण काढत होती.